पहिलं वाक्य वहिनींचं

कादंबरीची सुरुवात संवादानं करावी असं ज्या कुणी पहिल्यांदा सांगितलं, त्याला टाचणीकाकूंच्या दुकानात आठवडाभर बसवायला हवं होतं. माणसं बोलतात म्हणजे काय करतात, आणि त्यांचं बोलणं उचलून कागदावर ठेवलं की काय होतं, हे त्याला तिथं नीट कळलं असतं. पण सल्ला देणारे सल्ला देऊन मोकळे होतात. निस्तरायची पाळी दुसऱ्यावर येते.

टाचणीकाकू बायकांचे कपडे शिवायच्या. दुकान म्हणजे घराचीच पुढची खोली. रस्त्याकडे उघडणारं दार, दाराशी शिलाई मशीन, मधोमध कापायचं टेबल आणि कोपऱ्यात पडदा लावून केलेली माप घ्यायची जागा. तिथं माणसाएवढा आरसा होता. काम करताना काकूंच्या ओठांत कायम टाचण्या धरलेल्या, म्हणून हे नाव. टाचण्या तोंडात असल्या की बोलता येत नाही, आणि न बोलणाऱ्या माणसापुढे लोक फार बोलतात. त्यातून काकू गिऱ्हाइकाच्या पाठीमागे उभ्या. समोर चेहरा नाही, उलट प्रश्न नाही. सासवा येऊन सुनांबद्दल बोलायच्या, त्याच सुना दुसऱ्या दिवशी येऊन सासवांबद्दल. काकू दोघींचीही बाही बसवून द्यायच्या आणि या कानाचं त्या कानाला कळू द्यायच्या नाहीत. दुकान शिलाईवर निम्मं चालतं आणि या गप्प बसण्यावर निम्मं, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं.

अशा बाईनं कादंबरी लिहायला घेतली.

का घेतली, ते विचारू नका. उतारवयात कुणाला गुडघे धरतात, कुणाला लिहिण्याची हौस धरते. वाचनालयात लिहिण्याचा वर्ग निघाला, तिथं काकू जाऊन बसल्या. कपड्याचे नमुने कापायचा खाकी कागद घरात होताच, त्याच्या पाठकोऱ्या बाजूवर त्या लिहायच्या. घरधनी म्हणजे बस चालवून निवृत्त झालेले ड्रायव्हरकाका. त्यांनी पहिल्याच दिवशी विचारलं, "अगं, हे लिहितेयस त्याला काजंबिजं करणार आहेस का?" आणि स्वतःच हसले. पण वर्गाच्या दिवशी दुकान तेच सांभाळायचे.

वर्ग घेणाऱ्या बाई पूर्वी रेडिओवर बातम्या द्यायच्या, म्हणून सगळे त्यांना रेडिओताई म्हणत. आवाज अजून तसाच होता. साधं "खिडकी लावा" म्हणाल्या तरी काहीतरी घडलंय असं वाटायचं. त्यांनी काकूंचं पहिलं पान वाचलं. त्या पानावर रस्ता होता, रस्त्यावरची झाडं होती, पलीकडचं औषधांचं दुकान होतं, हवा होती.

"काकू, दारापर्यंत यायला फार वेळ लावलात हो," रेडिओताई म्हणाल्या. "वाचणारा उन्हात उभा आहे. त्याला आत घ्या. आधी कुणालातरी बोलू द्या. ते वाक्य असं हवं, की शेजारच्या टेबलावरच्या माणसानंही कान टवकारले पाहिजेत."

काकू घरी आल्या आणि संवाद लिहायला बसल्या. आता आयुष्यभर दुसऱ्यांचं बोलणं ऐकलेल्या बाईला एक वाक्य सुचू नये? पण सुचेना. एक बाई दुसरीला म्हणाली, "आज फार उकडतंय नाही?" दुसरी म्हणाली, "हो ना." पुढे दोघीही मख्ख. ड्रायव्हरकाकांनी मदत करून पाहिली. त्यांच्या मते सुरुवात "ब्रेक लागत नाहीये!" अशी हवी होती. काकूंनी सांगितलं की कादंबरीत बस नाही. "मग घाल की," काका म्हणाले.

शेवटी ते वाक्य आलं तेव्हा काकू एका कोटाला अस्तर लावत होत्या. हात चालू होता, डोकं रिकामं होतं, आणि कानात कुणीतरी बोललं. काकूंनी सुई तिथंच टोचून ठेवली आणि खाकी कागद ओढला.

"उजवा खांदा उतरतो माझा. तिथं आतून गादी लावा. बाहेरून कळायला नको."

"आणि बाही?"

"मनगटापर्यंत. उन्हाळ्याचे कपडे असले तरी."

एवढंच. त्याच्याखाली त्यांनी भराभरा दोन पानं लिहिली. शिवणारी बाई माप घेतेय. खांद्याच्या टोकापासून कमरेपर्यंत टेप लावते, तर उजवीकडे पाऊण इंच कमी भरतं. ती काही विचारत नाही. गिऱ्हाईक बाई न विचारताच म्हणते, "पडले होते." आणि शिवणारी बाई मान हलवते.

हे वाक्य कुठून आलं ते काकूंना पुरतं ठाऊक होतं. त्याबद्दल त्यांनी स्वतःला फसवलं नव्हतं. ते प्रेसवाल्या दादांच्या बायकोचं होतं.

दादांची छापण्याची प्रेस पुढच्या चौकात होती. माणूस असा, की कुणाच्या घरी आजारपण आलं की पहिली गाडी दादांची उभी. रस्त्यात भेटले तर म्हाताऱ्यांच्या हातातली पिशवी काढून घेतील. लहानमोठे सगळे त्यांना दादा म्हणायचे, आणि दादांची बायको म्हणून तिला सगळे वहिनी म्हणायचे, तिच्याहून वीस वर्षांनी मोठे असलेलेसुद्धा, आणि चारचौघांत खुद्द दादाही. वहिनी हसतमुख, कमी बोलणाऱ्या. एकदा त्या कोट शिवायला आल्या आणि आरशासमोर उभं राहून, आवाज अजिबात न बदलता, जसं बटणं कुठली लावायची ते सांगावं तसं त्यांनी ते सांगितलं होतं. काकूंच्या बोटांना टेपखाली गळ्याचं हाड लागलं होतं. मोडून वाकडं जुळलेलं. मनगटावर जुने पिवळे डाग होते. काकूंना तेव्हाच सगळं कळलं, आणि त्यांनी मान हलवली. बाहेर दादा गाडीत बसून वाट बघत होते. काकूंना बघून त्यांनी हात केला, आणि काकूंनीही केला.

कादंबरीत काकूंनी सगळं बदललं होतं. बाईचं वय बदललं, घर बदललं, नवऱ्याला बंदरावरच्या गोदामात कारकून केलं. केस, रंग, मुलंबाळं, सगळं दुसरं. फक्त माप तेवढं तसंच राहिलं. ते बदलायचं त्यांच्या डोक्यातच आलं नाही. शिवणाऱ्या बाईच्या हाताला एकदा घेतलेलं माप खोटं लिहिता येत नाही, बोटं वळतच नाहीत. दुसऱ्या कुठल्याही लिहिणाऱ्यानं सहज डावा खांदा केला असता. काकूंना ते जमलं नाही आणि सुचलंही नाही.

वर्गात रेडिओताईंनी ती सुरुवात आपल्या आवाजात वाचली. खोली चिडीचूप झाली. एक जण म्हणाला, अंगावर काटा आला. काकूंनी मान खाली घातली, पण खोटं कशाला सांगा, आतून फुलून गेल्या. "हे प्रकरण वाचनालयाच्या वार्षिक अंकात पहिलं," रेडिओताईंनी तिथल्या तिथं जाहीर केलं आणि कागद आपल्या पिशवीत टाकले. काकू घरी आल्या आणि त्या दिवशी भाजीत दोनदा मीठ घातलं. काकांनी निमूट खाल्लं.

पुढच्या वर्गात ठिणगी पडली. रेडिओताई सहज सांगत होत्या, "यंदा अंकाचं काम आपल्या दादांनी अंगावर घेतलंय. दरवर्षी बाहेरून छापून आणायचो, किती चुका असायच्या. दादा म्हणाले, मी असताना तुम्ही बाहेर का जाता?"

शेजारची बाई काहीतरी विचारत होती, ते काकूंना ऐकूच आलं नाही. वर्ग संपल्यावर त्यांनी रेडिओताईंना जिन्यात गाठलं.

"ताई, माझं परत द्या. सुरुवात बदलायची आहे."

"का हो?"

काय सांगणार? खरं सांगितलं तर वहिनींचं गुपित आणखी एका तोंडी जाणार. आधी एकदा मोडला तो विश्वास पुन्हा मोडायचा, तोही जिन्यात उभं राहून?

"बरी नाही वाटत," त्या म्हणाल्या.

रेडिओताई हसल्या आणि त्यांचा हात हातात घेतला. "काकू, छापायची वेळ आली की प्रत्येकाचे पाय लटपटतात. मीही पहिल्या बातमीला थरथरत होते. हे पान मी बदलू देणार नाही. आणि कागद कालच प्रेसमध्ये गेलेत."

त्या रात्री काकूंच्या डोळ्याला डोळा लागला नाही. सकाळी त्या जीव मुठीत धरून चौकातल्या प्रेसमध्ये गेल्या. आत मशीन धडधडत होतं, शाईचा वास नाकात चढत होता, आणि दादा कोऱ्या कागदाचे गठ्ठे सारखे करत होते. काकूंना बघून त्यांनी मशीन बंद केलं, रुमालानं खुर्ची पुसली, स्वतः पाणी आणून दिलं.

"या या, लेखिकाबाई! आमच्या गल्लीत एवढी मोठी माणसं आणि आम्हाला पत्ता नाही!"

"दादा, माझे ते कागद," काकू म्हणाल्या. "परत हवे होते. थोडं चुकलंय."

खाकी कागद टेबलावरच होते, बाकीच्या लेखांच्या वर. काकूंना आपलं अक्षर दिसत होतं. हात लांब केला असता तर पोचला असता. दादांनी आपला पंजा त्या कागदांवर ठेवला, अगदी सहज, वाऱ्यानं उडू नयेत म्हणून ठेवतात तसा. मोठा, स्वच्छ, नखं नीट कापलेला पंजा. काकू त्याच्याकडेच बघत राहिल्या.

"चुका काढायचं काम आमचं. पोरांनी आज अक्षरं जुळवलीत, अजून वाचलं नाही मी. संध्याकाळी घरी तपासायला बसू. आमची रीत ठरलेली आहे, काकू. वहिनी मूळ कागद मोठ्यानं वाचते आणि मी छापलेल्या पानावर नजर ठेवतो. एकट्यानं तपासलं की डोळा फसतो, पण कान फसत नाही. लग्न झाल्यापासून असंच चाललंय. तिचा आवाजही चांगला आहे."

काकूंनी पाण्याचा पेला खाली ठेवला. "वहिनी वाचतात?"

"एकेक शब्द. स्वल्पविरामसुद्धा सांगते."

काकू कशा घरी आल्या ते त्यांचं त्यांना कळलं नाही. मशीनपुढे बसल्या आणि पायडल न मारता बसून राहिल्या. संध्याकाळी त्या घरात काय होणार ते त्यांना समोर दिसत होतं. दिव्याखाली टेबल. एका बाजूला दादा, हातात पेन. दुसऱ्या बाजूला वहिनी, हातात खाकी कागद. आणि वहिनींना आपल्याच तोंडानं, मोठ्यानं, विरामचिन्हांसकट म्हणावं लागणार, उजवा खांदा उतरतो माझा. ज्यानं तो उतरवला त्याच्यासमोर. आणि मग दादा पेन खाली ठेवणार आणि विचारणार, हे तू कुणाला सांगितलंस?

वर्षानुवर्षं ज्या बायकांनी विश्वासानं पाठ फिरवून उभं राहावं, त्यातल्या एकीला आपण दादांच्या ताब्यात दिलं. कशासाठी, तर अंगावर काटा आला असं चार लोकांनी म्हणावं म्हणून. काकूंना स्वतःची शिसारी आली, आणि शिसारीच्याही वर भीती होती.

ड्रायव्हरकाकांना त्यांनी सगळं सांगितलं. सांगावंच लागलं. काका थट्टा करण्यासाठी तोंड उघडून बसले होते, ते तसंच मिटलं.

"दादा?" ते म्हणाले. "माझ्या आजारपणात त्यानंच पोचवलं होतं गं मला."

"माहीत आहे."

"तुला नक्की कळलंय ना? म्हणजे, पडलीही असेल."

काकूंनी त्यांच्याकडे नुसतं बघितलं. काका उठले, चपला घातल्या, परत काढल्या. "जाऊन काय म्हणू?" त्यांनी विचारलं. संध्याकाळी काकू दादांच्या घरावरून दोनदा गेल्या. खिडकीत दिवा होता, पडदा ओढलेला होता. आतून काही ऐकू येत नव्हतं. काही ऐकू येत नाही हे चांगलं की वाईट, तेही कळेना.

पुढचे दिवस वाईट गेले. वहिनींचा एक कोट फिटिंगसाठी तयार होऊन खुंटीला लटकत होता, त्या घालून बघायला आल्या नाहीत. दुकानाशी गाडी थांबली की काकूंच्या हातून टाका चुकायचा. एका गिऱ्हाइकाचा गळा त्यांनी उलटा कापला, आयुष्यात पहिल्यांदा. भाजीवाल्याकडे कुणी "प्रेसवाल्या वहिनींना बघितलं नाही बऱ्याच दिवसांत" असं म्हणालं, आणि काकू पिशवी तिथंच विसरून घरी आल्या. काकांनी तेव्हापासून दुकानातच ठाण मांडलं. इस्त्री करतो म्हणायचे आणि एकच कापड पुन्हा पुन्हा दाबायचे.

आणि एका दुपारी गाडी थांबली. दादा उतरले. पलीकडच्या दारातून वहिनी उतरल्या.

काकूंनी पहिल्यांदा वहिनींकडे पाहिलं, डोक्यापासून पायापर्यंत, शिवणाऱ्या बाईच्या नजरेनं. नीट चालत होत्या. लंगडत नव्हत्या. चेहरा नेहमीसारखा. पण त्या काकूंकडे बघत नव्हत्या.

"काय ड्रायव्हरसाहेब, गियर बदलला की काय? इस्त्री?" दादा हसत आत आले. हातात लांब छापील पानं होती. "काकू, तुमचं पान घेऊन आलोय. म्हटलं वहिनीचा कोटही होईल आणि आपलं कामही होईल. बसू ना?"

ते गिऱ्हाइकाच्या स्टुलावर बसले, पान मांडीवर पसरलं. मग घसा खाकरून त्यांनी वाचायला सुरुवात केली. "उजवा खांदा उतरतो माझा. तिथं आतून गादी लावा. बाहेरून कळायला नको." त्यांनी ते सगळं वाचलं. बाही, मनगट, पाऊण इंच, पडले होते. इस्त्रीची वाफ थांबली. काकू टेबलाला धरून उभ्या होत्या.

दादांनी पान खाली ठेवलं आणि काकूंकडे बघितलं.

"काकू, रागावू नका. पण हे पटत नाही."

"काय?" काकूंच्या तोंडून निघालं.

"हे खांद्याचं. अहो, वहिनी वाचताना इथं अडखळली. दुसऱ्यांदा वाचायला लावलं, तेव्हा आवाजच चढला तिचा. इतकी वर्षं वाचतेय, कधी अडखळत नाही. तेव्हाच मी ओळखलं, वाक्यातच काहीतरी चुकलंय. मग लक्षात आलं. धडधाकट बाईचा एक खांदा असा पाऊण इंच खाली कसा येईल? वाचणारा पहिल्याच ओळीला म्हणेल, काहीतरीच काय!"

काकूंना आधी कळलंच नाही. मग हळूहळू कळत गेलं. तो लपवत नव्हता. तो धमकी देत नव्हता. त्या माणसाला खरोखरच आठवत नव्हतं. त्यानं ते केलं होतं, आणि नंतर कधी त्याकडे बघितलंच नव्हतं. रोज समोर बसून जी वाचते, तिच्या खांद्याकडे त्यानं एकदाही पाहिलं नव्हतं.

"थांबा, दाखवतोच तुम्हाला," दादा उत्साहानं उठले. त्यांनी माप घ्यायच्या जागेचा पडदा बाजूला सारला. "वहिनी, ये. उभी राहा इथं. काकू, घ्या माप, दोन्ही बाजूंचं, आणि मोठ्यानं सांगा. आपलंच माणूस घरचं, म्हणजे शंका नको."

वहिनी आरशासमोर उभ्या राहिल्या. काकू टेप घेऊन मागे गेल्या. डाव्या खांद्याच्या टोकावर धरला, कमरेपर्यंत आणला. "साडेसोळा." मग उजवीकडे. बोटाखाली तेच वाकडं हाड लागलं. आरशात मागे दादा दिसत होते, हाताची घडी घालून, हसऱ्या चेहऱ्यानं. खरं सांगितलं तर काय होईल? आता काही नाही, लोकांसमोर. होईल ते घरी गेल्यावर. काकूंनी टेपाकडे बघितलं आणि डोळ्यांसमोर दिसणारा आकडा गिळला.

"साडेसोळा," त्या म्हणाल्या. "सारखेच आहेत."

"बघा!" दादांनी टाळी वाजवली. "ते वाक्य काढून टाका, बाकी उत्तम." रस्त्यावरून कुणीतरी ओळखीचं चाललं होतं, त्याला हाक मारायला ते दारापाशी गेले आणि उंबऱ्यावर उभे राहून त्याच्या मुलीच्या परीक्षेची चौकशी करू लागले.

सुटलो, असं काकूंना वाटलं. त्यांनी आरशात पाहिलं. वहिनी त्यांच्याकडेच बघत होत्या, आणि त्या नजरेत आभार नव्हते.

"काकू," त्या अगदी हळू म्हणाल्या. "दुसऱ्यांदा मी मुद्दाम मोठ्यानं वाचलं. म्हटलं, आता आठवेल. त्यांनी पूर्णविराम दुरुस्त केला."

काकूंनी टेप गुंडाळायला घेतला.

"तुमच्या कागदावर ते बघितलं तेव्हा वाटलं, एका माणसाला तरी माहीत आहे. ते कागद मी उशीखाली ठेवून झोपलेय. तुम्हीही सारखेच आहेत म्हणालात?"

"तुमच्यासाठीच, वहिनी. भीती वाटली मला."

"मलाही वाटते. पुन्हा घ्या." मग त्यांनी आवाज चढवला. तो आवाज खरंच चांगला होता, स्पष्ट, सगळ्या खोलीला ऐकू जाईल असा. "काकू, माप पुन्हा घ्या. चुकलंय."

दारातले दादा वळले. ड्रायव्हरकाकांनी इस्त्री उभी करून ठेवली.

काकूंनी टेप लावला. पळून जावंसं वाटत होतं, स्वतःच्याच दुकानातून. "डावीकडे साडेसोळा," त्या म्हणाल्या. "उजवीकडे पावणेसोळा."

"असं कसं? मघाशी तर..." दादा हसत पुढे आले. "बरं, असेल. माणसाचं अंग आहे, थोडं इकडेतिकडे व्हायचंच."

"आधी नव्हतं," वहिनी म्हणाल्या. त्या वळल्या नाहीत, आरशातूनच त्याच्याकडे बघत होत्या. "तुम्ही मला कपाटाच्या कोपऱ्यावर आपटलंत, त्या दिवसापासून आहे. दवाखान्यात मी पडले म्हणून सांगितलं. काय सांगायचं ते तुम्हीच शिकवलं होतंत."

दादांचं हसू गेलं नाही. तेच सगळ्यात भयंकर होतं. ते तोंडावर जसंच्या तसं राहिलं आणि डोळे मात्र खोलीभर फिरले, काकूंवरून, काकांवरून, दाराबाहेर अजून उभ्या असलेल्या त्या ओळखीच्या माणसावरून. कुणीच त्यांच्याबरोबर हसलं नाही. मग ते हळू, फार प्रेमळ आवाजात म्हणाले, "दमलीयस तू. चल, घरी जाऊन बोलू."

"नाही," वहिनी म्हणाल्या.

"वहिनी, चल म्हटलं ना."

ड्रायव्हरकाका टेबलाच्या बाजूनं आले आणि मधे उभे राहिले. वयानं वाकलेला माणूस. "दादा, आज त्या इथं थांबतील," ते म्हणाले. "तुम्ही निघा."

दादांनी पान उचललं, त्याची नीट घडी घातली, खिशात ठेवली. गाडीचं दार फार हळू लावल्याचा आवाज आला. गाडी बराच वेळ निघाली नाही, आणि तोवर दुकानात कुणी हललं नाही. मग ती निघाली.

काकांनी दाराला आतून कडी लावली आणि दिवसाढवळ्या दिवा लावला. "आता?" काकू म्हणाल्या, पण विचारत कुणाला होत्या कोण जाणे. वहिनींनी काखेतली पर्स टेबलावर ठेवली. त्यात काय होतं, पुरेसं होतं का, त्यांना कुठं जायचं होतं, काहीच ठरलेलं नव्हतं. काकांनी पुढे केलेल्या खुर्चीवर त्या बसल्या आणि खुर्चीचे हात दोन्ही हातांनी घट्ट धरले.

संध्याकाळपर्यंत बाहेर गाडीचा आवाज आला की तिघंही दाराकडे बघायची. एकदा कुणीतरी कडी वाजवली, मग निघून गेलं. काका उठून उभे राहिले. वहिनी खुर्चीवरून उठल्या नाहीत.